छत्रीवाल्याची सिद्धता

एका सोमवारी दुपारी मास्तरांनी एका मुलीला सलग अर्धा तास भिंतीवर आपटलं, आणि घरातलं कुणी त्यांना एका शब्दानं बोललं नाही. उलट सूनबाईंनी चहा आणून दिला. मुलगी टीव्हीच्या पडद्यावरची होती, पिवळ्या रेनकोटातली, आणि तिला चालवायचं जे बटणांचं यंत्र हातात धरायचं असतं, ते मास्तरांनी उलटं धरलं होतं.

"आजोबा, तिला टेंगूळ आलं असेल आता," शेजारी बसलेली त्यांची नात म्हणाली.

या नातीला घरात मिरी म्हणत. आकारानं तेवढीच आणि जिभेनंही तशीच. वय अकरा. मास्तर म्हणजे चौतीस वर्षं शाळेत भूमिती शिकवून निवृत्त झालेले गृहस्थ. ज्या माणसानं उभ्या आयुष्यात मुलांच्या हातात पट्टी आणि कंपास सोडून दुसरं खेळणं दिलं नाही, तो भर दुपारी व्हिडिओ गेम घेऊन का बसला होता, हे सांगितलं पाहिजे.

मागच्या आठवड्यात मिरी कंपासपेटी घरी विसरली. ती द्यायला मास्तर मधल्या सुट्टीत शाळेच्या फाटकापर्यंत गेले. आत पोरांचे घोळकेच्या घोळके डबे खात बसले होते. मिरी मात्र पाण्याच्या नळाजवळ एकटीच, भिंतीकडे तोंड करून जेवत होती. शाळा नवी, तिला येऊन दोन महिनेही झाले नव्हते. घरी मात्र ती रोज सांगायची, "मला खूप मैत्रिणी आहेत." मास्तरांनी कंपासपेटी शिपायाकडे दिली आणि घरी येऊन कुणाला काही सांगितलं नाही. संध्याकाळी नातीला फक्त एवढंच विचारलं, "तुझ्या वर्गात सध्या कशाची चर्चा चालते गं?"

"छत्रीवाल्याची," मिरी म्हणाली. "दुसऱ्या कशाचीच नाही."

मग तिनं सांगितलं ते असं. एक गेम आहे. त्यात एक शहर आहे, नुसत्या जिन्यांचं. पिवळ्या रेनकोटातली मुलगी आपल्या हरवलेल्या दोन धाकट्या भावांना शोधत त्या शहरात फिरते. प्रत्येक टप्प्याच्या शेवटी लांब कोटातला एक माणूस दूर उभा दिसतो. हातात छत्री, छत्रीखाली चेहरा झाकलेला. तो एकदा छत्री कलती करतो आणि निघून जातो. हा कोण, हे कुणालाच माहीत नाही. गेमचा शेवटचा भाग दोन आठवड्यांनी, रविवारी दुपारी चार वाजता येणार, तेव्हा कळेल. तोवर वर्गात तट पडलेले. कुणी म्हणतं तो मुलीचा बाप आहे, कुणी म्हणतं भूत. बापवाले एका बाकावर डबा खातात, भूतवाले दुसऱ्या.

"आणि तू कुठल्या बाकावर?" मास्तरांनी शक्य तितक्या सहजपणे विचारलं.

"माझी थिअरीच नाही," मिरी म्हणाली. "थिअरी नसली तर कुठे बसणार?"

प्रश्न रास्त होता. मास्तरांनी त्याच क्षणी ठरवलं, की नातीला थिअरी मिळवून द्यायची. आणि ती सुद्धा ऐकीव, ढोबळ, हवेत सोडलेली नव्हे. पक्ष, साध्य, रचना, सिद्धता अशी चार मथळ्यांची, शेवटी 'हेच सिद्ध करायचे होते' असं लिहिता येईल अशी.

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी दोनशे पानी वही घातली. पहिल्या पानावर पक्ष: 'लांब कोट घातलेली, छत्री धरलेली एक व्यक्ती दिलेली आहे.' साध्याची जागा मोकळी. मग ते फूटपट्टी घेऊन टीव्हीसमोर उभे राहिले. छत्रीवाला जिथे जिथे उभा राहतो तिथे मागे विटांची भिंत असते, हे त्यांच्या अनुभवी नजरेनं हेरलं होतं. विटा मोजल्या की उंची मिळाली! मिरी चित्र थांबवायची, मास्तर मोजायचे. एका ठिकाणी सतरा विटा भरल्या, दुसऱ्या ठिकाणी एकोणीस, तिसऱ्या ठिकाणी पंधरा.

"आजोबा, तो दर वेळी वेगळा कसा भरतो?"

"मोजणीतली चूक असते, बाळ. अशा वेळी सरासरी काढायची." मास्तरांनी सरासरी काढली. सतरा विटा. मिरीचं म्हणणंही त्यांनी वहीच्या समासात बारीक अक्षरात नोंदवलं, कारण विद्यार्थ्याचं निरीक्षण चुकीचं असलं तरी वाया घालवू नये, असा त्यांचा बाणा होता.

बुधवारी वरच्या मजल्यावरचे टपालमास्तर तक्रार घेऊन आले. हेही निवृत्त. पण निवृत्तीनंतर इमारतीचे सेक्रेटरी झाल्यामुळे त्यांचा शिक्का काही सुटला नव्हता. गेममधल्या ढगांच्या गडगडाटानं त्यांची वामकुक्षी मोडली होती. तक्रार लेखी होती. ती वाचून दाखवता दाखवता त्यांची नजर पडद्यावर गेली, आणि ते खुर्ची ओढून बसले ते दोन तास उठले नाहीत.

"यात कोडं कसलं?" ते म्हणाले. "ऊन बघत नाही, पाऊस बघत नाही, जिन्यामागून जिने चढतो. पोस्टमन आहे हा!"

"मग पत्र कुठे देतो?" मास्तरांच्या सौ. स्वयंपाकघराच्या दारातून म्हणाल्या. "नुसता लांबून बघतो आणि जातो."

"वहिनी, रजिस्टर पत्र असेल. सही करणारं मोठं माणूस घरात लागतं. लहान मुलीच्या हाती देता येत नाही, नियम आहे."

मिरीनं आजोबांकडे पाहिलं. आजोबांनी वहीत लिहिलं: 'पोस्टमन? पुरावा कमी, निष्ठा भरपूर.'

खरा पुरावा दिला तो समोरच्या घरातल्या शिवणवाल्या मावशींनी. त्या मिरीच्या गणवेशाची उंची वाढवून घेऊन आल्या होत्या. पडद्याकडे एकदाच बघून म्हणाल्या, "बाईचा कोट आहे हा."

"कशावरून?"

"बटणं कुठल्या अंगाला आहेत बघा ना. डाव्या. पुरुषाच्या कोटाला उजव्या अंगाला लावतात. आणि मास्तर, हा कोट अंगच्या मापाचा नाही हो. बाह्या बघा कशा लोंबताहेत. खांदे तर नाहीतच. हँगरला अडकवल्यासारखा दिसतोय. कुणी शिवला असेल हा, देव जाणे. मी असते तर परत घेतला असता."

मास्तरांचे डोळे चमकले. पहिल्याच भागात मुलगी एका मोठ्या मावशीचा उल्लेख करते, जी जिने उतरून गेली ती परत आलीच नाही! त्यांनी मोकळ्या जागेत ठळक अक्षरात लिहिलं: 'साध्य: छत्रीवाला म्हणजे थोरली मावशी.' शिवणवाल्या मावशींना हे फार आवडलं. कुठल्याही गोष्टीत मावशी निघाली की त्यांना बरं वाटे.

गुरुवारी मिरी शाळेतून आली ती तीन तीन पायऱ्या एकदम चढत. वर्गात एक दोन वेण्यांची मुलगी होती. तिचा शब्द वर्गात शेवटचा. तिच्या बाकावर डबा खायला मिळणं म्हणजे... आता मोठ्या माणसांसाठी उपमा शोधत बसण्यात अर्थ नाही, त्यांना ते समजणार नाही. त्या दोन वेण्यांच्या मुलीनं मिरीला हाक मारून शेजारी बसवून घेतलं होतं. "तुझे आजोबा खरंच भूमितीनं शोधताहेत? मग पुरं झालं की मला आधी सांगायचं हं!"

इथे मास्तरांनी थांबायला हवं होतं. पण चांगल्या शिक्षकाला एक खोड असते. आपलं उत्तर बरोबर आलं तरी इतरांनी काय लिहिलंय ते बघितल्याशिवाय त्याला चैन पडत नाही. या गेमच्या चाहत्यांचं इंटरनेटवर एक चर्चामंडळ आहे, हे मिरीकडून कळल्यावर त्यांनी सभासद व्हायचं ठरवलं.

सभासद होणं सोपं नव्हतं. जन्मसाल निवडायला यादी खाली सरकवता सरकवता त्यांचं बोट दुखलं. त्यानंतर यंत्रानं विचारलं, तुम्ही यंत्र नाही ना? सिद्ध करा. खालच्या नऊ चौकटींपैकी ज्यांत जिना दिसतो त्या निवडा.

"जिना म्हणजे काय, याची व्याख्या दिलेली नाही," मास्तर म्हणाले.

"आजोबा, नुसतं दाबा."

"नुसतं कसं दाबा? ही शिडी आहे. ही जिन्यात धरायची का? आणि या चौकटीत नुसता कठडा आलाय. कठडा हा जिन्याचा भाग मानला तर..."

तीन वेळा त्यांनी विचारपूर्वक उत्तर दिलं आणि तिन्ही वेळा यंत्रानं त्यांना यंत्र ठरवलं. चौतीस वर्षांत मुलांनी पाठीमागे त्यांना पुष्कळ नावं ठेवली होती, पण हे कुणी म्हटलं नव्हतं. शेवटी सौ. आल्या, चष्माही न लावता चार चौकटी दाबल्या, आणि दार उघडलं.

"तुम्ही व्याख्या न बघता केलंत," मास्तर नाराजीनं म्हणाले.

"मी माणूस आहे हो," सौ. म्हणाल्या आणि भाजी बघायला गेल्या.

मिरी अभ्यासाला गेल्यावर सभासदाचं नाव त्यांनी घेतलं 'भूमितीचे मास्तर'. आणि मंडळावर पाऊल ठेवताच त्यांच्या डोळ्यांपुढे काय यावं? सिद्धांतांचा ढीग! एकाखाली एक, कुणीही न तपासलेले. मास्तरांच्या बोटांना जी शिवशिव सुटली ती गेल्या सहा वर्षांत सुटली नव्हती. शुक्रवारी सकाळी न्याहारी झाल्यावर ते बसले आणि दुपारच्या जेवणापर्यंत एक्केचाळीस सिद्धांत तपासून त्यांनी प्रत्येकाखाली गुण दिले. 'सिद्धता अपूर्ण. दहापैकी तीन.' 'वाक्य अर्ध्यावर सोडून जाऊ नये. दहापैकी दोन.' 'सुरुवात उत्तम, पण पुढे विद्यार्थी दमलेला दिसतो. चार.' एका भूतवाल्याला त्यांनी नुसतं 'पालकांनी भेटावे' असं लिहिलं.

"हल्लीच्या मुलांची चिकाटी गेली," जेवताना ते सौ.ना म्हणाले. "एकानंही उत्तर पुरं केलेलं नाही. चार ओळी लिहितात आणि टिंब, टिंब, टिंब!"

सोमवारी मिरीनं दप्तर दारातच टाकलं.

"कुणीतरी भूमितीचे मास्तर म्हणून आलाय मंडळावर," ती म्हणाली. "तो सगळ्यांना नापास करत सुटलाय. दोन वेण्यांचीला दोन दिलेत. दहापैकी दोन! तिनं मला विचारलं, तुझे आजोबा भूमितीच शिकवायचे ना?"

मास्तरांच्या हातातलं बिस्किट चहात पडलं. "मग तू काय सांगितलंस?"

"खरं ते सांगितलं. आणि नळाजवळ जाऊन बसले."

ती आतल्या खोलीत गेली आणि दार लावून घेतलं. मास्तर बंद दाराबाहेर उभे राहिले. पोरं अशी दारं लावून घेतात तेव्हा काय करायचं, हे ते इतर पालकांना वर्षानुवर्षं समजावत आले होते. त्यातलं एकही वाक्य त्यांना आठवेना.

त्यात संध्याकाळी मंडळाचं पत्र आलं. 'सभासदांना गुण देण्याचा अधिकार मंडळाने आपणांस दिलेला नाही. सबब आपले सभासदत्व स्थगित करण्यात येत आहे. नियम सात पाहावा.' टपालमास्तरांना ही बातमी कोणत्या वाटेनं कळली कोण जाणे, पण ते अर्जाचा मसुदा घेऊनच खाली उतरले. "स्थगित म्हणजे रद्द नव्हे, मास्तर! वर अपील असणारच. तीन प्रती काढू. 'विनंती विशेष' अशी सुरुवात करू."

"अपील राहू दे हो," सौ. म्हणाल्या. "आत पोरगी जेवली नाहीये, ते बघा."

मास्तर दारापाशी जाऊन म्हणाले, "मिरे, मी उद्या तुझ्या शाळेत येऊन सगळ्यांची माफी मागतो."

आतून आवाज आला, "नको! शाळेत तर मुळीच नको!"

मंगळवारी संध्याकाळी पाचच्या सुमारास बेल वाजली. दारात दोन वेण्या. मागे आणखी तिघी जणी, पण त्या जिन्याच्या कठड्याला धरून, पळायच्या तयारीत.

"भूमितीचे मास्तर इथेच राहतात?"

"मीच तो," मास्तर म्हणाले. आवाज गुन्हेगाराचा.

"मला पुनर्तपासणी हवी आहे," दोन वेण्यांची म्हणाली.

मास्तरांचा चेहरा काय खुलला! जन्मभर त्यांनी मुलांना सांगितलं होतं, गुण पटले नाहीत तर भांडायला या. पण चौतीस वर्षांत भांडायला आलं कोण? पालक. ही पहिलीच पोर स्वतःच्या पायांनी जिना चढून आली होती. त्यांनी चौघींना बसवलं, सरबत मागवलं, चष्मा पुसला. मिरी दाराच्या फटीतून बघत होती.

"हे बघ," मास्तर पडद्यावर बोट ठेवून म्हणाले, "चार ओळी लिहिल्यास. पाचवी अर्ध्यावर तुटली. पुढे तीन टिंबं. याला सिद्धता म्हणायचं?"

दोन वेण्यांची पडद्याकडे वाकली. मग तिनं हळूच विचारलं, "तुम्ही 'पुढे वाचा' दाबलं नाही?"

"कुठे?"

तिनं टिंबांखालच्या बारीक निळ्या अक्षरांवर बोट ठेवलं. आणि पान उलगडत गेलं. उलगडत गेलं. मुद्दे होते, उपमुद्दे होते, चित्रं होती, बाणही काढले होते.

मास्तरांनी चष्मा काढून पुन्हा लावला.

"सगळ्यांचंच असं असतं?" मास्तरांनी विचारलं.

"सगळ्यांचंच."

"एक्केचाळीस," मास्तर पुटपुटले आणि खुर्चीत बसले.

"अहो, शाळेत असताना असं किती जणांचं केलंत?" आतून सौ.

"तेव्हा पानं उलटता यायची!" मास्तर कळवळून म्हणाले.

पहिली हसली ती मिरी. दाराच्या फटीतूनच, पण अशी खदखदून की लपून राहण्यात काही अर्थ उरला नाही. मग त्या तिघी, आणि मग दोन वेण्यांचीही. मास्तरांनी तिचं उत्तर शेवटपर्यंत वाचून साडेआठ गुण दिले. उरलेल्या दीड गुणासाठी ती वीस मिनिटं भांडली आणि अर्धा मिळवून थांबली.

त्यानंतरचे तीन दिवस त्या घरात संध्याकाळी पाच ते सात फेरतपासणी चालली. 'पुढे वाचा' दाबायचं काम मिरीकडे. दोन वेण्यांची मोठ्यानं वाचणार, मास्तर गुण सांगणार, आणि पोरी त्यावर कालवा करून ते वाढवून घेणार. एक्केचाळीस जणांना माफीपत्र आणि सुधारित गुण गेले. शुक्रवारी मंडळाचं पत्र आलं, की आपले सभासदत्व पूर्ववत करण्यात आले आहे, कारण ज्यांचे सिद्धांत तपासायचे राहिले अशा दोनशे सत्तर सभासदांनी लेखी तक्रार केली आहे. अपिलाच्या तीन प्रती वाया गेल्या म्हणून टपालमास्तर दिवसभर हळहळत होते.

थोरल्या मावशीचा सिद्धांत मात्र वर्गानं उचलून धरला. रविवारी दुपारी नऊ मुलं मास्तरांकडे येणार असं ठरलं. सेक्रेटरी या नात्यानं टपालमास्तरांनी हरकत घेतली: सहापेक्षा जास्त पाहुणे, पूर्वपरवानगी आवश्यक, अर्ज दोन प्रतींत. अर्ज त्यांनीच लिहून दिला, त्यांनीच मंजूर केला, आणि पावणेचारला स्वतःची खुर्ची घेऊन ते दहावे पाहुणे म्हणून हजर झाले. शिवणवाल्या मावशी हातातलं काम घेऊनच आल्या. मास्तर कोचाच्या मधोमध, वही मांडीवर, परीक्षेचा निकाल जाहीर करणाऱ्या माणसाच्या थाटात बसले होते.

चार वाजले. पडद्यावर आलं: नवा भाग उतरवून घेत आहोत, एक टक्का. नव्याण्णव टक्क्यांपर्यंत तो पंधरा मिनिटांत पोचला आणि तिथेच बसला, पाऊण तास. टपालमास्तरांनी सांगितलं की पार्सलांचंही असंच होतं, शेवटच्या गल्लीत अडकतात.

मग गेम सुरू झाला. दोन वेण्यांची रेनकोटातल्या मुलीला धावत धावत शेवटच्या जिन्यावर घेऊन गेली. वर छत्रीवाला. पाठमोरा. मुलीनं हाक मारली. तो वळला, डगमगला, कोटाची बटणं तटातट तुटली, आणि कोटाच्या आत कोण होतं? एकाच्या खांद्यावर एक बसलेले, ते दोन धाकटे भाऊ! अख्ख्या शहरात कुणी त्रास देऊ नये म्हणून मावशीच्या कोटात मोठं माणूस होऊन फिरत होते. खालचा दमला की वाकायचा, ताजातवाना असला की ताठ व्हायचा.

"तरी म्हटलं खांदे का नाहीत," शिवणवाल्या मावशी म्हणाल्या. "आणि कोट मावशीचाच निघाला हं!"

नऊ मुलं एकदम ओरडत होती. त्या गोंगाटात दोन वेण्यांचीनं मास्तरांच्या मांडीवरची वही उचलली, चाळली, आणि समासापाशी थबकली. " 'उंची दर वेळी वेगळी भरते. मिरी.' अगं! तुला कळलं होतं? तू बोलली का नाहीस?"

"बोलले होते," मिरी म्हणाली. "आजोबांनी सरासरी काढली."

नऊ मुलं, एक सेक्रेटरी आणि एक शिवणवाल्या मावशी मास्तरांकडे बघू लागल्या. मास्तरांनी घसा साफ केला. सरासरी हे गणितातलं अत्यंत प्रतिष्ठित साधन आहे, असं काहीतरी ते बोलणार होते. पण तेवढ्यात पडद्यावर काहीतरी हललं. दोघे भाऊ बहिणीच्या गळ्यात पडलेले असताना, त्यांच्या मागे, खूप खालच्या जिन्यावर आणखी एक जण उभा होता. हातात रिकामा पिंजरा.

"हा कोण?" कुणीतरी दबक्या आवाजात म्हणालं.

"थांबवा! चित्र थांबवा! मिरी, तू सांग. मिरीला पुढे बसू दे. सरका रे, मिरीला जागा द्या!"

मिरीला कोचावर ओढून घेण्यात आलं. नऊ डोकी तिच्या डोक्याभोवती जमली. कुणी तिच्या खांद्यावर हनुवटी टेकली, कुणी तिच्या मांडीवर कोपर. "त्याची सावली बघा आधी, सावली कुणीकडे पडलीय," ती बोट दाखवत म्हणाली, आणि सगळी सावली बघू लागली. मास्तरही मान लांब करून बघत होते.

"आजोबा," मिरी वळून न बघताच म्हणाली, "जरा उठता का? तुमचं डोकं मध्ये येतंय."

मास्तर उठले. त्यांची जागा भरायला दोन सेकंदसुद्धा लागले नाहीत. ते वाट काढत स्वयंपाकघरात गेले आणि डब्यांच्या फळीखालच्या बुटक्या स्टुलावर बसले. सौ. बारा पेले मांडून सरबत ढवळत होत्या.

"हाकललं?" त्यांनी विचारलं.

"हाकललं," मास्तर म्हणाले. बाहेर पोरं एकमेकांच्या अंगावर पडून भांडत होती आणि त्यांत मिरीचा आवाज सगळ्यांत मोठा होता. मास्तरांनी दोन्ही हातांनी चेहरा पुसला. "पार हाकललं हो. द्या इकडे तो चमचा, मी ढवळतो."